उघडी बाजू
ताईने खिडकीच्या चौकटीवरून बोट फिरवलं आणि बोटाला लागलेली काजळी खुशाल भावाच्या बाहीला पुसली.

"कधी लावलीस ही?"

"परवा. चहाचं पाणी आणि कोळसा," तो म्हणाला. "नवी कोरी खोली दोन दिवसांत म्हातारी करतो आम्ही."

"मला तर कुणीतरी फुकटातच केलंय म्हातारी," ताई म्हणाली, आणि शिडीवरचा सुतारही हसला.

सिनेमांसाठी खोट्या जागा उभ्या करण्यात भावाची चाळीस वर्षं गेली होती. तुरुंग, दवाखाने, एकदा तर अख्खं रेल्वे स्टेशन. हा शेवटचा सिनेमा, आणि त्यातल्या कुटुंबाला त्याने स्वतःच्या लहानपणची खोली देऊन टाकली होती. कारण एकच. आई गेली तेव्हा तो सहा वर्षांचा होता. तिचा एकही फोटो नव्हता आणि चेहरा काही केल्या आठवत नव्हता. आठवायची ती पाठ. खिडकीशी उभी असलेली आई, खांद्यावर ऊन, सैल झालेला अंबाडा. ती पाठ त्याच्या झोपेत यायची. तो हाका मारायचा, ती वळायची नाही. खोली हुबेहूब जमली तर वळेल, असं वेड त्याच्या डोक्यात शिरलं होतं. म्हणून तर ताईला बोलावून घेतलं होतं. त्या घरातलं आता तेवढंच माणूस उरलं होतं.

ताईने कोनाडा पाहिला, खाट पाहिली, फरशीचा तडा चपलेने चाचपला.

"कमाल आहे बाबा तुझी. पण ही खिडकी कुणाची?"

"आपलीच. आई इथे उभी राहायची."

"इथे? अरे, पलीकडे शेजाऱ्यांची चूल होती. इथे खिडकी असती तर आई त्यांच्या पातेल्यातच डोकावली असती!"

तो हसला. मग हसायचा थांबला, कारण सुतार शिडीवरून खाली येत होता.

"मास्तर, ही आपल्या पहिल्या सिनेमातली खिडकी," सुतार चाचरत म्हणाला. "तेव्हाही तुम्ही हीच खोली केली होती. कॅमेरामनला ऊन पाहिजे होतं, म्हणून ऐन वेळी मी भिंत कापली. त्या बाई नव्हत्या का उभ्या राहिल्या, पाठमोऱ्या?"

तो खाटेवर बसला. इतकी वर्षं तो एका परक्या नटीला आई म्हणून हाका मारत होता. त्याला स्वतःची भयंकर लाज वाटली.

"मग आई कुठे असायची गं?"

सेटला तीनच भिंती होत्या. चौथी बाजू नेहमीसारखी कॅमेऱ्यासाठी उघडी ठेवलेली. ताई तिकडे गेली, वायरींचं भेंडोळं पायाने सरकवलं आणि कॅमेऱ्याशेजारच्या खोक्यावर बसली.

"इथे. ह्या बाजूच्या भिंतीला टेकून शर्टांची काजं करायची. तुला मेला सारखा ताप. तू खाटेवर आणि ती इथे. काजं न बघता करायची, डोळे तुझ्यावर."

त्याने त्या दिशेला पाहिलं. तिकडे अंधार होता. कितीतरी सिनेमांत त्याने नेमकी हीच बाजू मोकळी सोडली होती.

"ती खिडकी बुजव," तो सुताराला म्हणाला. "आणि इथे भिंत लाव."

"चौथी? मग कॅमेरा कुठे ठेवायचा?"

"तासाभरात काढू परत."

सुताराने कानावरची पेन्सिल काढली, पुन्हा कानावर ठेवली, आणि चाळीस वर्षांत पहिल्यांदा हुज्जत न घालता कामाला लागला. कॅमेरा बाजूला गेला. भिंत ताईच्या पाठीशी येऊन टेकली. खोली बंद झाली. वरून एकाच दिव्याचा उजेड येत राहिला.

तो बुटांसकट खाटेवर आडवा झाला आणि गुडघे पोटाशी घेतले. समोर ताईने दोन बोटांत नसलेली सुई धरली होती.

"ताई, जरा खाली बघून कर ना," तो म्हणाला. त्याने काजळी लागलेली बाही डोळ्यांवर घेतली.

"न बघता करायची, सांगितलं ना," ताई म्हणाली, आणि त्याच्याकडे बघत राहिली.