शेवटच्या घराची किल्ली

उत्तरेश्वरने फोन कानाला लावला आणि गेमच्या पडद्यावरची किल्ली पुन्हा एकदा पाहिली. देवळीत, पणतीशेजारी, पिवळीधमक.

"अंगद, ही किल्ली तू ठेवलीस?"

"मंग? चार वर्षं झाली, शेवटचं घर उघडत न्हाई म्हनून लोक बोंबलायलेत. सकाळी दुरुस्तीचा पॅच टाकला, गेम नवा केला. आभाराचे दोनशे मेसेज आलेत लेका!"

"मला इचारायचं तरी."

"इचारलं असतं तर आनखी चार वर्षं लावली असतीस."

उत्तरेश्वरने फोन ठेवला. 

भुताच्या एका परदेशी गेमचं रूप पालटून दोघा मित्रांनी हौसेखातर हा मॉड बनवला होता. परदेशी हवेलीच्या जागी केजजवळचं आपलं गाव आणलं. ऊसतोडीला गेलेलं, घरोघरी बाहेरून कुलूप असलेलं. खेळणारा त्यात एकटा फिरतो. शेवटच्या घराची कडी वाजवली की आतून बाईचा आवाज येतो, "आले, आले. जेवलास का?" एवढ्यावर भल्याभल्यांची बोबडी वळायची. बाहेर कुलूप, मग आत कोण? अंगद बागायतदाराच्या घरचा. त्याच्या घराला जन्मात कुलूप लागलं नव्हतं. दार न उघडणं ही त्याला चूक वाटली आणि ती दुरुस्त करून तो मोकळा झाला.

आवाज सत्यभामाचा, उत्तरेश्वरच्या आईचा; घरही त्यांचंच. हसत हसत तिने तो दिला आणि त्याच दसऱ्यानंतर नवऱ्याबरोबर ऊस तोडायला गेली, घराची किल्ली पदराच्या गाठीला बांधून. वाटेत ट्रॉली उलटली, त्यात ती गेली. आईला गावी आणलं, किल्ली सापडली नाही. बिभीषणने, त्याच्या बापाने, दगडाने कुलूप फोडलं तेव्हा उत्तरेश्वर शेजारीच उभा होता. गेममध्ये किल्ली ठेवायला त्याचा हात कधी धजला नाही.

चार वाजता शेरडं बांधून बिभीषण आत आला. रोज यायचं, गेममधली कडी वाजवायला लावायची, ऐकायचं आणि मग चहा प्यायचा, हा त्याचा नेम होता.

"लाव."

"आज ऱ्हाऊ द्या, दादा."

"कामून?"

उत्तरेश्वरला खोटं सुचलं नाही.

"किल्ली घावली. दार उघडतं आता."

बिभीषण खाली बसला. मग त्याने पटका काढून मांडीवर ठेवला आणि दोन्ही हातांनी केस सारखे केले.

"उघड."

कुलूप निघालं. दार उघडलं. आत चार कोऱ्या भिंती होत्या. आवाज बंद दारालाच जोडलेला, तो आलाच नाही. पडद्यावर 'समाप्त' अशी अक्षरं आली.

"आतल्या खोलीत बघ."

"आतली खोली केलीच न्हाई, दादा."

 उत्तरेश्वरला अंगदचा गळा धरावासा वाटला.

"जुनं हाय माझ्याकडं," तो घाईने म्हणाला. "कुलूपवालं. लगेच लावतो."

त्याने शोधून लावलं आणि कडी वाजवली.

"आले, आले. जेवलास का?"

तोच आवाज, जसाच्या तसा. बिभीषण पटका बांधू लागला.

"बंद कर ते. आत कोन न्हाई. बघितलं की आता."

चहा न घेताच तो शेरडांकडे गेला.