कण्यावरचा हात

मेंढ्या व्यायला दीड महिना उरला की मामंजींचा रुबाब वाढायचा. एकेका गाभण मेंढीच्या कण्यावरून ते हात फिरवायचे. हाडं टोचली तर पाठीवर लाल खूण, म्हणजे तिला वेगळ्या वाड्यात जादा खुराक. नाही टोचली तर निळी. लोकरीच्या आत मेंढी सुकली आहे की भरली आहे, हे डोळ्यांना कळत नाही, बोटांनाच कळतं. आणि मामंजींची बोटं म्हणजे घरातलं शेवटचं कोर्ट.

खुणा झाल्या की सुनेचं काम. कासेभोवतीची लोकर कातरायची, म्हणजे कोकराला सड चटकन सापडतो. यंदा निळ्या खुणेची पहिलीच मेंढी तिने धरली आणि पाठीवर हात टाकला. कणा मुठीच्या हाडांसारखा लागत होता. तिने शेजारची चाचपली, मग पलीकडची. वरून गुबगुबीत, आत नुसता सापळा. पोटात जुळी असली तर अशी मेंढी व्यायच्या आधीच पाय दुमडून बसते आणि पुन्हा उठत नाही.

नवऱ्याला तिने आडून विचारून पाहिलं. बाबांचा हात चुकतो म्हणजे काय, तूच दमली असशील, असं हसण्यावारी नेऊन साहेब चारा उतरवायला गेले.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती रंगाचा डबा घेऊन निळ्यावर लाल ओढू लागली. चोरी केल्यासारखं वाटत होतं, पण डोळ्यांदेखत मेंढ्या मरू देणंही जिवावर येत होतं. तेवढ्यात मामंजी मागे येऊन उभे राहिले. आता खरडपट्टी निघणार म्हणून तिने मान खाली घातली.

"किती चुकल्या?" त्यांनी विचारलं.

"अकरा, मामंजी. आतापर्यंत."

ते गवताच्या गठ्ठ्यावर बसले. साखरेच्या दुखण्याने बोटं वर्षभरात बधिर झाली होती, म्हणाले. चहाचा पेला गरम की गार तेही कळत नाही. यंदा नुसत्या नजरेवर भागवलं, सांगायला जीभ रेटली नाही. तिला खरं तर राग यायला हवा होता. आला नाही. फार वाईट वाटलं.

"उठा," ती म्हणाली. "मला मेंढी धरायला माणूस हवाय."

ते उठले. एकेक मेंढी गुडघ्यांत धरू लागले. ती चाचपून रंग सांगायची, ते खूण ओढायचे. तेवढ्यात नवरा पोती घेऊन आला आणि बघतच राहिला. बाबा असताना हिचा हात कशाला, त्याने विचारलं.

"मामंजी शिकवताहेत मला," ती घाईघाईने म्हणाली.

मामंजींनी मान हलवली. "शिकवत नाही रे. माझी बोटं गेली. आजपासून हात हिचा."

मुलाने पोती खाली ठेवली. मामंजींनी पुढची मेंढी ओढली, गुडघ्यांत घट्ट धरली आणि सून काय म्हणते ते ऐकायला थांबले.