झिंग्याची पेटी

“चिंधाभाई, बॉयलर गरम करो! झिंगेवाले को पेटी मांगता है!”

सुरतेत भेस्तानच्या बंद शेडसमोरून प्रवीणशेठ ओरडले आणि टपरीवर बसलेल्या चिंधाच्या शर्टावर चहा सांडला.

थर्माकोलचा हा कारखाना महिनाभर बंद होता. टीव्ही बनवणाऱ्या कंपनीने पॅकिंगला पुठ्ठा धरला आणि शेठच्या साच्यांना कुत्रे विचारीना. मागणी होती, पण ती ओलपाडकडे सरकली होती. तिथे कोळंबीची, म्हणजे झिंग्याची, तळी वाढली होती आणि बर्फात माल भरायला पेट्या लागत होत्या. तळ्यांना उंबरठे असते तर शेठनी ते नक्की झिजवले असते.

चिंधाने यातले काही बायकोला सांगितले नव्हते. डबा घेऊन रोज कोसाडच्या घरून निघायचा, टपरीवर बसायचा, नाहीतर कापड मार्केटात ताके वाहायचा. काम गेले म्हटले की गावी, शिंदखेड्याला थोरल्या भावाच्या दारात उभे राहणे आले. वाटणीच्या वेळी भावाने मंगलाबाईला जे ऐकवले, ते ती जन्मात विसरणार नव्हती. तिला परत त्या ओसरीवर न्यायचे नव्हते.

वाफ सुटली. थर्माकोलचा राजगिऱ्याएवढा दाणा फुगून साबुदाण्याएवढा झाला, नव्या साच्यात शिरला. पहिली पेटी निघाली. पेटी बघायला आलेल्या तळ्यावरच्या माणसाने तीत पाणी ओतले आणि एका कोपऱ्यातून ते टपटप गळू लागले.

“ये नहीं चलेगा,” तो उठलाच.

“बैठो ना भाई, पाच मिनिट!” चिंधा जवळजवळ ओरडला. टीव्हीच्या पॅकिंगला पाणी कुठे धरायचे होते! दाणे घट्ट चिकटावेत म्हणून त्याने वाफ जरा जास्त वेळ धरली. दुसरी पेटी काठोकाठ भरली. तिघेही तिच्या कोपऱ्यांकडे बघत राहिले. थेंब गळला नाही.

“हवे रोज आवजो,” शेठ म्हणाले. आता रोज यायचे होते! चिंधाला रडू आले. त्याने बॉयलरकडे तोंड फिरवले.

संध्याकाळी मंगलाबाई दारात साडीला टिकल्या लावत होती. हे काम तिने महिन्यापासून धरले होते, वेळ जात नाही म्हणून. तिने वर पाहिले. नवऱ्याच्या केसांत, कानांत, भुवयांवर पांढरे दाणे चिकटले होते.

“आज कामवर गयथात,” ती म्हणाली.

“मी तं रोजच जास.”

“महिना व्हयना, घरमा एक दाना सापडना नही.”

चिंधा उंबऱ्याबाहेरच थबकला. टिकल्यांचे काम वेळ घालवायला नव्हते, हे त्याला आत्ता उमगले.

“मंग बोलनी का नही?”

“बोलीसन काय व्हतं? गाठोडंच बांधनं पडतं ना.”

तो अंग झटकायला मागे वळला. तिने साडी बाजूला सारून वाट केली.

“ऱ्हाऊ द्या. तसाच घरमा या.”

दाणे घरभर झाले. झाडू कोपऱ्यातच राहिला.