सुरज्याची हाळी

न्हावऱ्याच्या म्हस्कू कोळप्यांचा धाकटा मुलगा सुदर्शन स्टेजवर तिरडीवरून यायचा. चौघं जण खांद्यावर तिरडी घेऊन गर्दीतून चालायचे, पुढं एक जण गाडगं धरायचा. स्टेजवर तिरडी टेकली की कापडाखालून पांढरा रंग फासलेलं तोंड वर यायचं. अंगावर काळं घोंगडं, गळ्यात गिटार, ओठांच्या कडेनं बीटाचा रस ओघळलेला. मग तो असा किंचाळायचा की पुढच्या रांगेतली पोरं दोन पावलं मागं सरायची. बँडचं नावच होतं 'मढं'.

आठवडाभर हाच सुदर्शन सणसवाडीच्या एका कारखान्यात प्रेसवर पत्रे कापायचा, तिथंच खोली घेऊन राहायचा. सुट्टीला पुणे, नगर, कधी दौंड, जिथं बोलावतील तिथं जायचा. त्याची आई बानूबाई हिला हे सगळं अभद्र वाटायचं. "जित्या मानसानं तिरडीवर निजू न्हाई रं," असं म्हणत ती तो घरी आला की आधी मीठ-मोहऱ्या ओवाळून चुलीत टाकायची. म्हस्कू आबा मात्र काही बोलायचे नाहीत. पोरगं तिरडीवर का निजतं ते त्यांना ठाऊक होतं.

चार वर्षांपूर्वीची गोष्ट. घरात शेती आली, ऊस आला, तरी थोरल्या सुरजनं चाळीस मेंढरं मोडू दिली नव्हती. डिसेंबरातल्या धुक्यात तो ती घेऊन चौफुल्याचा रस्ता ओलांडत होता. कंटेनर आला तसा निघून गेला. अकरा मेंढरं गेली आणि सुरज गेला. दवाखान्यातून आणला तेव्हा तोंड बांधलेलंच होतं. "एकडाव सोडा, बघू द्या," असं बानूबाई म्हणत राहिली, पण कुणी कापड सोडलं नाही. सुदर्शन तोवर लग्नाच्या ऑर्केस्ट्रात हिंदी गाणी म्हणायचा. वर्षानं तो पहिल्यांदा तिरडीवरून स्टेजवर आला आणि तोंडावरचं कापड त्यानं स्वतःच्या हातानं काढलं.

सुरजचं दहावं झालं त्याच्या दुसऱ्या दिवसापासून म्हस्कू आबा दिवस मावळताना घरामागच्या बांधावर जाऊन उभे राहायला लागले. चुकलेल्या मेंढराला घालतात तशी हाळी घालायचे. "हुर्रऽऽ येऽऽ! सुरज्याऽऽ, येऽऽ रं घरलाऽऽ!" तीनदा. मग घरात येऊन चहा प्यायचे. वेड वगैरे काही लागलं नव्हतं. कुणी विचारलं तर म्हणायचे, "सवय हाय."

एकदा उसाच्या कडेला बसून सुदर्शननं ती हाळी मोबाइलमध्ये भरून घेतली. तिच्याभोवती गिटार लावली. त्याचा दोस्त सत्यजीत, बँडचा ड्रमवाला, त्यानं ड्रम लावले. मध्ये सुदर्शन त्या रस्त्यावर मेलेल्या माणसांची नावं ओरडायचा आणि शेवटी पुन्हा आबांची हाळी यायची. गाणं तयार झाल्यावर त्याला आबांना विचारायचं सुचलं.

"माझा आवाज कशाला घेतलास? फुटका हाय त्यो," आबा म्हणाले.

"फुटका हाय म्हणूनच, आबा."

आबांनी बराच वेळ तंबाखू मळली. "सुरज्याचं नाव ऱ्हाईल का त्यात?"

"ऱ्हाईल की."

"मग ऱ्हाऊ दे."

पुण्यातल्या एका कार्यक्रमात नीलम नावाच्या बाईनं ते गाणं ऐकलं. चित्रपटांना गाणी शोधून देणाऱ्या कंपनीत ती कामाला होती. गाणं संपल्यावर ती स्टेजमागं आली तेव्हा तिचे डोळे लाल होते. महिन्याभरात करार आला, सात पानी, इंग्रजीत. नीलमनं काही लपवलं नाही. "कंपनी हे गाणं कुठल्याही चित्रपटात वापरू शकते, सबंध किंवा तुकड्यात. कुठं, कसं, ते तुम्हाला ठरवता येणार नाही. नीट विचार करा," ती म्हणाली. सुदर्शनच्या कानांत एकच शब्द राहिला, चित्रपट. सुरजचं नाव गावोगावच्या पडद्यांवर घुमणार. त्यानं तिथंच सही केली.

पहिला चित्रपट भीतीचा होता. शिरूरच्या टॉकीजात अख्खा बँड बघायला गेला. पडद्यावर खुनी कोयता घेऊन उसातून चालत येतो आणि त्याच्यामागं आबांची हाळी. थेटरात कुणी श्वास घेईना. सत्यजीतनं सुदर्शनचा हात दाबला. हाळी आपल्या बापाची आहे आणि ती खुन्याला दिली आहे, हे सुदर्शनच्या मनात येऊन गेलं, पण लोक घाबरले होते, त्याला तेच हवं होतं. नाव मात्र कापलं होतं, नुसतं 'येऽऽ रं घरलाऽऽ' ठेवलं होतं. घरी त्यानं सांगितलं, "आबा, लई भारी घेतलंय." आबांनी मान डोलावली.

दुसऱ्या चित्रपटात चोर समजून एका पालावरच्या माणसाला गाव मारतं. सुदर्शनला वाटलं, हाळी त्या माणसासाठी असेल. पण गाणं सुरू झालं ते मारणारे काठ्या घेऊन निघाल्यावर, ताशासारखं. लोकांनी शिट्ट्या मारल्या. बाहेर आल्यावर सत्यजीत म्हणाला, "अरे, गाणं हिट आहे, शिट्ट्या ऐकल्यास ना?" सुदर्शननं गाडीला किक मारली. मार खाणारा माणूस आपल्या चुलत्यासारखा दिसत होता, हे त्यानं सांगितलं नाही.

तिसरा चित्रपट विनोदी निघाला. त्यात नायकाचा एक दारूडा मित्र आहे, प्रत्येक वेळी कुठंतरी पडणारा. तो पडला की हाळी वाजते, आणि या वेळी नाव कापलेलं नव्हतं. "सुरज्याऽऽ, येऽऽ रं घरलाऽऽ!" आणि तो दारूडा गटारातून हात वर करतो. चित्रपट यायच्या आधीच तेवढा तुकडा मोबाइलवर सगळीकडं फिरला. लोक स्वतःचे पडतानाचे व्हिडिओ करू लागले, चिखलात, लग्नाच्या मांडवात, जिन्यावरून.

सुदर्शनला तो तुकडा पहिल्यांदा दाखवला कारखान्यातल्याच एका बिहारी जोडीदारानं, जेवणाच्या सुट्टीत. "भाई, ये तो तुम्हारा गाना है न? क्या हँसाया, यार!" त्यानं पाठीवर थाप मारली. सुदर्शनच्या हातात चपातीचा घास होता. तो त्यानं डब्यात परत ठेवला आणि झाकण लावलं.

दुसऱ्या दिवशी रजा टाकून तो पुण्याला नीलमच्या ऑफिसात गेला.

"मॅडम, ते नाव तेवढं काढा. बाकी सगळं ठेवा."

"सुदर्शन, चित्रपट शुक्रवारी लागतोय. प्रिंट गेल्यात."

"पण त्या पात्राचं नाव सुरजच कसं काय? एवढी नावं हायत दुनियेत."

नीलमनं समोरचा लॅपटॉप मिटला. "आधी दुसरं होतं. तुमचं गाणं निवडल्यावर त्यांनी बदललं. गाण्याला जुळावं म्हणून."

कुणी मुद्दाम काही केलं नव्हतं. कुणाला तरी एक नाव हवं होतं आणि ते गाण्यात तयार होतं. नीलमनं दिग्दर्शकाला फोन लावला, सुदर्शनच्या समोरच, स्पीकरवर. पलीकडचा माणूस भला वाटला. "अरे बापरे, मला माहीत नव्हतं. मी तुमच्या वडिलांची माफी मागतो. त्यांना खेळाला बोलवूया का? पहिल्या रांगेत बसवू," तो म्हणाला. सुदर्शननं नको म्हटलं. भांडायला आला होता तो, पण भांडायला समोर कुणी नव्हतंच. नीलम त्याला लिफ्टपर्यंत सोडायला आली. "मी तुम्हाला सांगितलं होतं," ती अगदी हळू म्हणाली, आणि ते खरंच होतं.

पुढच्या आठवड्यात दौंडला एका मैदानावर कार्यक्रम होता, आधीच ठरलेला. सुदर्शननं ठरवलं, हाळी वाजवायची नाही. तिरडी आली, तो उठला, दोन गाणी झाली. पण गर्दी वेगळी होती. पूर्वी पन्नास-साठ पोरं असायची, आज हजारावर माणूस होतं, बायकापोरांसकट, आणि सगळे मोबाइल वर धरून वाट बघत होते.

"सुरज्या! सुरज्या!" कुणीतरी ओरडलं.

तिसरं गाणं सुरू केलं तर ते कुणी ऐकेना. मग एका कोपऱ्यातून हाळी उठली, तिला दुसऱ्या कोपऱ्यानं उत्तर दिलं, आणि बघता बघता अख्खं मैदान आबांसारखं मान वर करून हाळी घालायला लागलं. प्रत्येक हाळीनंतर कुणीतरी जमिनीवर लोळायचं आणि हशा पिकायचा. सुदर्शन माइकपाशी गेला. "थांबा. तो माझा भाऊ हाय," तो म्हणाला.

लोकांना तो कार्यक्रमाचाच भाग वाटला. तोंडाला पांढरा रंग, ओठावर रक्त, असा माणूस सांगतोय की तो माझा भाऊ आहे. पुढची रांग टाळ्या वाजवत हसली. तो किंचाळला, खरोखर किंचाळला, आवाज फुटेस्तोवर, तर टाळ्या आणखी वाढल्या. इतकी वर्षं त्यानं लोकांना घाबरवलं होतं. आज कुणी घाबरेना. मागून सत्यजीतनं ड्रम थांबवले आणि त्याला दंडाला धरून खाली आणलं.

रविवारी सकाळी तो न्हावऱ्याला गेला, आबांना सांगायचंच असं ठरवून. आबा दारात बसून सुतळी वळत होते.

"आबा, त्या गाण्याचं एक..."

"ऐकलं म्या," आबा म्हणाले.

"कवा?"

"मंगळवारी. केडगावला तुझ्या मावशीकडं गेलतो, येताना यष्टीत. मागल्या शिटावर कुनाच्या तरी मोबाइलात वाजलं. मला आधी वाटलं, मीच बोललो का काय." त्यांनी सुतळीला पीळ दिला. "समदी हसत व्हती. म्या इचारलं, हा आवाज कुनाचा रं? त्यो म्हनला, पिक्चरमधला हाय, मामा. बघा, तुमी बी हसाल."

सुदर्शन त्यांच्या पायापाशी खाली बसला. काय झालं ते त्यानं सगळं सांगितलं, सही, सात पानं, नीलम, दिग्दर्शक, दौंडचं मैदान. आबांनी मध्ये एकदाही थांबवलं नाही. आत बानूबाईच्या भाकरी थापण्याचा आवाज बंद झाला होता.

"आबा, मला मारा. काईतरी बोला."

"मारून काय हुतंय आता." सुतळी बाजूला ठेवून ते म्हणाले, "मला दाखीव त्यो पिक्चर."

"नगं, आबा."

"दाखीव म्हनतोय ना."

दुपारच्या खेळाला तो त्यांना गाडीवर दौंडला घेऊन गेला. आबांनी धुतलेलं धोतर आणि तांबडा पटका घातला होता. थेटर भरलेलं होतं. आबा खुर्चीच्या कडेवर, गुडघ्यावर हात ठेवून बसले आणि पडद्याकडं असं बघत राहिले, जसं कळपाकडं बघावं, एकही नजरेआड होऊ नये म्हणून.

पहिली हाळी आली. थेटर हसलं. सुदर्शननं डोळे मिटून घेतले. दुसरी आली, तिसरी आली. आबांकडं बघायची त्याची हिंमत होईना. हात धरावा म्हणून त्यानं हात पुढं केला, पण आबांचे दोन्ही हात गुडघ्यांवर घट्ट होते, तेव्हा तो त्यानं मागं घेतला.

शेवटच्या हाळीला तो दारूडा पावसात गटारात पडलेला असतो. आबांचा आवाज त्याला घरी बोलावत राहतो, तो हात वर करतो, हात खाली पडतो, आणि लगेच पुढं नायकाच्या लग्नाचं गाणं लागतं. रंगीत दिवे, नाच. लोक पोट धरून हसत होते. आबा सुदर्शनकडं वळले.

"त्याला घरी नेलं का कुनी?"

"कुनाला?"

"त्या सुरजला. पडलाय न्हवं तिथं, पावसात."

सुदर्शननं पडद्याकडं बघितलं. लग्नात सगळे होते. नायक, नायिका, भटजी, वाजंत्री. तो दारूडा कुठं दिसत नव्हता. "दाखवलं न्हाई, आबा," तो म्हणाला.

"पुढं दाखवतील."

चित्रपट संपला, नावं वर सरकू लागली, लोक उठून जायला लागले. आबा उठले नाहीत. थेटर रिकामं होऊन झाडू मारणारी बाई रांगांतून पुढं येईपर्यंत ते पांढऱ्या पडद्याकडं बघत बसले. सुदर्शनही बसून राहिला. शेवटी तीच म्हणाली, "मामा, संपला पिक्चर. उठा आता."

घरी पोचले तेव्हा दिवस मावळत होता. बानूबाई दारात उभी होती.

"कसा हुता?" तिनं विचारलं.

"बरा हुता," आबा म्हणाले. पटका काढून त्यांनी खुंटीला अडकवला, आणि बांधावर न जाताच चहा मागितला.