रविराजच्या नावानं

नाथाजीचा मुलगा रविराज तोफखान्यात होता, आणि चार दिवस झाले तरी त्याचा फोन लागत नव्हता.

एप्रिलात काश्मीरमध्ये फिरायला गेलेल्या माणसांना गोळ्या घालून मारलं, तेव्हापासून उंब्रजच्या आसपास घरोघरी टीव्ही बंद म्हणून होत नव्हते. घरटी एखादा तरी फौजेत असलेला हा मुलूख. मे लागला आणि सीमेवर तोफा सुरू झाल्या. नाथाजीची बायको राहीबाई देव्हाऱ्यापुढं बसायची ती उठायचीच नाही. तव्यावर भाकरी करपली तरी तिला वास यायचा नाही. नाथाजी उसाला पाणी द्यायला जायचा, मोटार चालू करायचा आणि बांधावर मोबाइल हातात धरून बसायचा. पाणी शेजारच्या रानात शिरलेलं त्याला कळायचं नाही.

त्यातच भैरोबाची जत्रा आली. वैशाखी पुनवेला पालखी निघायची. पालखीचा पहिला खांदा नाथाजीच्या घराण्याचा, आणि पालखीपुढं पेटती दिवटी धरायचा मान रमजान मुलाण्याच्या घराण्याचा. हे कधीपासून, ते गावात कुणालाच सांगता आलं नसतं. रमजानचं स्टँडजवळ दुकान होतं. विहिरीवरची मोटार जळाली की शेतकरी ती त्याच्याकडं आणायचे, तो आतली तार नव्यानं भरून द्यायचा. नाथाजी आणि तो एका वर्गातले. सातवीला दोघंही एकदमच नापास झालेले.

शुक्रवारी दुपारी देवळात जत्रेची बैठक बसली. नानासो कमिटीचा अध्यक्ष. कुस्त्यांचं ठरलं, तमाशाचं ठरलं. मग साईराज उठला. गावातल्या पोरांचा मोबाइलवरचा ग्रुप तो चालवायचा.

"नानासो, यंदा दिवटी आपल्यातलाच कुणीतरी धरील. पोरांचं म्हणणं हाय."

"का?" नानासोनं विचारलं, पण नजर खालीच ठेवून.

"का म्हणून काय इचारता? टीव्ही बघत न्हाई का तुमी? तिकडं नाव इचारून माणसं मारली, आन् आपण हितं देवापुढं..." त्यानं वाक्य पुरं केलं नाही.

रमजान पायरीवर बसला होता. डोक्यावर अजून नमाजेची टोपी होती. दरवर्षी तो अशाच बैठकीला यायचा, तेल किती लागेल ते सांगायचा आणि चहा घेऊन जायचा. देवळात चाळीसएक माणसं होती, पण त्याच्याकडं कुणी बघेना.

नानासोनं घसा खाकरला. "हे बघा, मी काय एकटा ठरवणार न्हाई. ज्याचं पोरगं बॉर्डरवर हाय, त्यानंच सांगावं. नाथाजी जे म्हणंल ते करू."

सगळ्यांच्या माना नाथाजीकडं वळल्या.

नाथाजीनं चार रात्री डोळ्याला डोळा लावला नव्हता. सकाळीच राहीबाई म्हणाली होती, "देवाचं काय चुकलं-माकलं असंल तर यंदा समदं नीट करा, आवं. माझं लेकरू तिकडं हाय." देवाचं कोपणं कशानं होतं ते तिला माहीत नव्हतं, आणि नाथाजीलाही. पण कुठं काही राहून गेलं आणि त्यापायी पोरगं गेलं तर? हा एकच विचार त्याच्या डोक्यात घोंघावत होता. रमजानच्या बापाची दिवटी त्यानं लहानपणापासून पाहिली होती. त्यात कधी कुणाला खोट दिसली नव्हती. तरीही त्याच्या तोंडून शब्द गेले.

"यंदा... नको."

रमजान उठला. टोपी काढून खिशात घातली. देवळाबाहेर पडता पडता तो नाथाजीजवळ थांबला.

"रविराजचा फोन आला का रं?"

नाथाजीनं नकारार्थी मान हलवली.

"येईल," रमजान म्हणाला आणि गेला.

जत्रा झाली. दिवटी साईराजनं धरली. नाथाजीनं खांदा दिला, पण पालखीचं वजन त्याला त्या वर्षी पेलवेना. चावडीपाशी त्यानं खांदा पुतण्याला दिला आणि तो ओट्यावर बसून राहिला. लोकांना वाटलं, पोराच्या काळजीनं खचलाय.

दुसऱ्या दिवशी सकाळी नऊ वाजता फोन वाजला. "आबा, बरा हाय मी. आमच्याकडं नेटवर्कच नव्हतं." राहीबाई रडता रडता हसायला लागली. नाथाजीनं डोळे पुसले, पायात चपला घातल्या आणि स्टँडच्या वाटेला लागला. रविराजची कुठलीही बातमी आली की पहिल्यांदा ती रमजानला सांगायची, ही वर्षानुवर्षांची सवय. वडापावच्या गाड्यापर्यंत गेल्यावर त्याला बैठकीतलं आठवलं. तो तिथंच थबकला, आणि घरी परतला.

पुढं गावातल्या जळालेल्या मोटारी रमजानऐवजी उंब्रजला जाऊ लागल्या. तसं कुणी ठरवून केलं नाही. ग्रुपवर कुणीतरी काहीतरी टाकलं, एकानं नेली, मग दुसऱ्यानं. रमजान दुकान उघडून बसायचा आणि संध्याकाळी बंद करायचा. जूनमध्ये त्याचा मुलगा अश्फाक शिरवळहून टेम्पो घेऊन आला. तो तिथल्या एका कंपनीत कामाला होता. त्यानं आईबापाला आणि सामानाला नेलं. टेम्पो गेला तेव्हा नाथाजी रानातच होता. रमजान दिसला असता तर काय बोललो असतो, हे त्यानं स्वतःला कितीदा तरी विचारलं.

ऑगस्टमध्ये रविराज सुट्टीवर आला. पहिल्या दिवशी पाहुणे, गळाभेटी, हार. दुसऱ्या दिवशी तो स्टँडवर गेला आणि तासाभरानं परत आला. नाथाजी गोठ्यात वैरण टाकत होता.

"आबा, रमजानचाचाचं दुकान बंद हाय."

"शिरवळला गेलं ते. पोराकडं."

"मला साईराजनं सांगितलं समदं. लय आनंदानं सांगत हुता." रविराज दाराच्या चौकटीला टेकला. "तुमी माझं नाव पुढं केलं?"

"मी न्हाई केलं. नानासो म्हणला, ज्याचं पोरगं..."

"पण 'नको' तुमीच म्हणलात न्हवं?"

नाथाजीच्या हातातली पेंढी तशीच राहिली. म्हैस मान पुढं करून ओढू लागली.

"मी भ्यालो रं," तो म्हणाला. "फोन लागंना. मला वाटलं, तुझं काय तरी..."

"तिकडं मी बी भ्यालो हुतो, आबा. पण तुमी माझ्या नावानं असलं करशीला असं वाटलं न्हवतं."

दोन दिवसांनी बापलेक एसटीनं शिरवळला गेले. कारखान्यांच्या मागं पत्र्याच्या दोन खोल्या होत्या. रमजान दुसऱ्याच्या वर्कशॉपमध्ये पगारावर मोटारी भरत होता. त्या दिवशी सुट्टी असल्यानं घरीच होता. रविराजनं पायांना हात लावला तसा त्यानं त्याला उचलून छातीशी धरला. खांदे दाबून पाहिले, दंड चाचपले, जसं काही कुठं मोडलंय का बघत होता.

"वाळला गड्या. खायला देत न्हाईत व्हय तिकडं?"

रमजानच्या बायकोनं, जरिनाभाभीनं, चहा आणला. ती नाथाजीकडं बघत नव्हती. कप ठेवता ठेवता रविराजला म्हणाली, "त्या शुक्रवारी उंब्रजच्या मशिदीत तुझ्यासाठीच दुआ मागून आले हुते हे. तिथनं तसंच बैठकीला गेले. जेवले बी न्हवते."

"जरिना," रमजान हळूच म्हणाला. ती आत गेली.

नाथाजीनं चहाचा कप बाजूला सारला.

"रमजान, चल गावाला. मी समद्यांसमोर सांगतो, चुकलो म्हणून."

"तुझ्यावर राग न्हाई रं. तुझं पोरगं तिकडं हुतं. तिकडं अश्फाक असता तर मी बी काय बोललो असतो, अल्लाला ठावं."

"मग चल की."

रमजाननं कप खाली ठेवला. "आमच्या अब्बाला एकदा एका मौलवीनं इचारलं हुतं, देवापुढं दिवटी धरतोस, कसला मुसलमान तू? अब्बा म्हणले, गावाचा देव हाय आन् मी गावाचा हाय. मलाबी पुढं लय जणांनी इचारलं. मी अब्बाचंच उत्तर द्यायचो. कवा अडलो न्हाई." तो थोडा थांबला. "पण गावानंच इचारल्यावर काय सांगू? तू तरी सांग. चाळीस माणसं हुती. कुणाची मोटार भरली न्हाई मी? एकानं जरी म्हणलं असतं, 'आरं, असं नका करू', तर बाकीचे काय बी बोलले असते तरी मी ऱ्हायलो असतो."

त्या चाळिसांत नाथाजी स्वतःही होता.

सुट्टी संपली. रविराजला सोडायला नाथाजी कराडच्या रेल्वे स्टेशनवर गेला. गाडी आली तेव्हा रविराज म्हणाला, "आबा, उद्या परत फोन लागला न्हाई तर देवाला काय मागायचं ते मागा. पण माझं नाव घेऊन कुणाला घराबाहेर काढू नका."

पुढच्या चैत्रात देवळात पुन्हा बैठक बसली. नाथाजी उभा राहिला. "गेल्या साली मी रमजानला नको म्हणलो. ते ना देशासाठी हुतं, ना देवासाठी. मी भ्यालो हुतो. चुकलो. मानानं परत बोलवा त्याला."

कुणीतरी खोकलं. साईराज मोबाइलमध्ये बघत होता. नानासो समजुतीच्या सुरात म्हणाला, "झालं गेलं, नाथाजी. आता कशाला उकरायचं? बसा खाली." आणि कुस्त्यांचा विषय निघाला.

नाथाजी खाली बसला नाही. पालखीच्या खांद्याला दुसरा माणूस बघा म्हणाला आणि बाहेर पडला. त्यालाही कुणी अडवलं नाही. खांद्याला माणूस पाच मिनिटांत मिळाला.

पुनवेच्या दिवशी सकाळी राहीबाईनं डबा बांधून दिला आणि तो शिरवळच्या एसटीत बसला. जत्रेला गावात नाही, असं त्याच्या आयुष्यात पहिल्यांदाच होत होतं. रमजाननं अर्धा दिवस सुट्टी घेतली. दोघं खोलीपुढच्या खाटेवर बसले. उसाचं बोलले, पाण्याचं बोलले, अश्फाकच्या लेकीला, कशिशला, पहिलीत घातल्याचं बोलले. दुपारच्या अजानला रमजान उठून गेला, तसा नाथाजी पोरीपाशी बसून राहिला. जत्रेचं नाव दोघांनीही काढलं नाही.

"आबा, तुमी कुठनं आलाय?" कशिशनं विचारलं.

नाथाजीनं गावाचं नाव सांगितलं. वर्षभरात त्या घरात ते कुणी काढलं नसावं. पोरगी विचारात पडली.

"ते कुठं हाय?" ती म्हणाली.