दोन दावे, एक जबानी

कड्याच्या छबुबाईला नवरा गेल्याची खबर मिळाली, तेव्हा तिकडे युसूफ वडगावात त्याची राखसुद्धा सावडून झाली होती. आप्पाराव बरीच वर्षं तिथेच, धाकट्या बायकोच्या, केशरबाईच्या घरी राहत होता. कड्याला यायचा तो पेरणीला आणि सुगीला तेवढा. छबुबाईला मूल झालं नाही म्हणून त्यानं दुसरी केली. पुढं केशरबाईचीही कूस उजवली नाही, तरी तो परतला नाही. मुलासाठी गेलेला माणूस मूल नसताना तिथं का थांबला, याचं उत्तर छबुबाईला ठाऊक होतं आणि तेच तिला जाळत होतं.

दिवस झाल्यावर केशरबाईनं कड्याच्या जमिनीत निम्मा हिस्सा मागितला. छबुबाईनं आष्टीच्या मुन्सफाच्या अदालतीत दावा लावला. आपण सवतीला राजी व्हावं म्हणून नवऱ्यानं दुसऱ्या लग्नाआधी चार माणसांसमोर ही जमीन आपल्याला दिली, असं तिचं म्हणणं. ते खरंच होतं.

केशरबाईनं आप्पारावाची वडगावची जमीन आपल्या नावावर व्हावी म्हणून केजला दावा लावला. त्या जमिनीशी छबुबाईला काही देणंघेणं नव्हतं. पण दाव्यात केशरबाईनं स्वतःला 'आप्पारावांची विधवा' म्हटलंय, हे कानावर आलं आणि तिला अन्न गोड लागेना. तिनं केजला वेगळा वकील धरला आणि हलफेवर, शपथ घेऊन, सांगितलं, की ही बाई लग्नाची नव्हेच, ठेवलेली आहे. आष्टी एका टोकाला, केज दुसऱ्या टोकाला. इकडचं तिकडं कोण सांगणार?

केशरबाईचे वकील इलियास साहेब शांत माणूस. त्यांनी बीडच्या मोठ्या अदालतीत अर्ज दिला. दोन्ही दाव्यांत बाया त्याच, मयत तोच. दोन मुन्सफांनी दोन उलटे फैसले दिले तर मानायचा कुठला? तेव्हा दोन्ही दावे एकाच ठिकाणी चालावेत. छबुबाईनं हरकत घेतली, बीड लांब पडतं म्हणून. खरं तर तिला सवतीशेजारी बसायचं नव्हतं. अर्ज मंजूर झाला.

बीडला तिनं लग्नानंतर पहिल्यांदाच केशरबाईला पाहिलं. इतकी वर्षं मनात धरलेली गोरी, नाजूक बाई तिथं नव्हती. रापलेली, केस पिकू लागलेली एक कुणबीण बसली होती. पण तिच्या मांडीवर आप्पारावाचं उपरणं घडी करून ठेवलेलं होतं, आणि छबुबाईची नजर तिथून हलेना.

जज्जसाहेब उर्दूत बोलले, कारकुनानं मराठीत सांगितलं. आष्टीला तुम्ही लग्न झालं म्हणता, केजला झालं नाही म्हणता, खरं काय?

वकिलानं तिला पळवाट शिकवून ठेवली होती. परवानगी दिली होती, पण पुढं लग्न लागलंच नाही, एवढंच म्हणायचं. शब्द ओठांवर आले. तेवढ्यात तिच्या मनात आलं, लग्न लागलंच नसेल तर हा माणूस निव्वळ जिवाच्या ओढीनं हिच्याकडं राहिला असं ठरेल. ते तिला सोसवेना.

"लगीन झालं," ती म्हणाली. "मी हो म्हनले म्हनून झालं. हळद मीच लावली."

खोट्या हलफेबद्दल जज्जसाहेबांनी तिला कडक ताकीद दिली. फैसला झाला तो असा, की कड्याची जमीन छबुबाईची, वडगावची केशरबाईची.

बाहेर केशरबाई पाया पडायला वाकली. छबुबाई मागे सरली.

"मरताना मला सांगावा कावून धाडला न्हाईस?"

केशरबाईनं हातातल्या उपरण्याची घडी नीट केली. मग म्हणाली, "आक्का, तुमी आला असता तर शेवटी त्यांनी तुमच्याकडंच बघितलं असतं. मला ते बघायचं नव्हतं."

छबुबाई वळून गाडीकडं चालू लागली. परतीच्या वाटेवर गाडीत ती ते वाक्य पुन्हा पुन्हा मनात म्हणत राहिली. सवतीचा राग गेला नव्हता. पण आपलाही कुणी इतकी वर्षं हेवा करत होतं, या गोष्टीचं तिला सुख वाटत होतं, आणि त्या सुखाची लाजही वाटत होती. दोघी पुन्हा कधी भेटल्या नाहीत.