वागिमानचा दुरुस्त चेहरा

आमच्या शेजारच्या पोरीचा, वेनिंगचा, धंदा म्हणजे धडधाकट चित्र बिघडवणं. संगणकात फिल्म उघडायची, तिच्या पोटातले आकडे खालीवर करायचे, की माणसांचे चौकोन चौकोन होऊन पडदाभर सांडतात. त्याला परदेशात बक्षिसं मिळतात. इथे जावात, आमच्या योग्याकार्तातल्या गल्लीत सगळे "छान, छान" म्हणतात आणि चहाकडे वळतात. तोंडावर वाईट बोलायची आमच्यात रीत नाही, आणि सभ्यपणात माझा नंबर पहिला.

तिचे वडील, पाक वागिमान (आम्ही पुरुषाला मानाने पाक म्हणतो, बाईला बू), जाऊन हजार दिवस होत होते, आणि गेलेल्या माणसाचा हजारावा दिवस आमच्याकडे पाळतात. त्या दिवशी प्रार्थना, जेवण आणि अंगणात वेनिंगची फिल्म, वडिलांवरची. "बू सार्वी," ती मला म्हणाली, "आईने माझी एकही फिल्म शेवटपर्यंत पाहिली नाही हो. ही तरी पाहू दे." आणि पेन ड्राइव्ह माझ्याकडे ठेवायला दिला.

मला कुठला धीर! टीव्हीला लावून पाहिला, तर वागिमानचा गाल कपाळावर आणि मिशी कानापाशी. इतरांचं ठीक आहे, पण स्वतःच्या बापाचे कोण तुकडे करील? नक्की फाइलच खराब झाली असणार. सांगितलं तर पोर ओशाळेल, म्हणून गुपचूप टीव्ही दुरुस्त करणाऱ्या पाक गितोकडे गेले.

"संध्याकाळपर्यंत नवाकोरा करतो," तो म्हणाला. त्याच्या मोबाइलमध्ये तुटके चेहरे आपोआप भरून काढणारं काहीतरी होतं.

प्रार्थना झाली, पडदा उजळला. वागिमान गुळगुळीत, बत्तीसच्या बत्तीस दात पांढरेशुभ्र. सगळे म्हणाले, "छान, छान."

वेनिंगची आई, बू कासिनेम, पुढे वाकली. "हा कोण गं? निवडणुकीला उभा आहे का?"

वेनिंग पांढरी पडली. "ही माझी फिल्म नाही."

मला कबूल करावंच लागलं. लाजेने मान वर होईना.

"बू सार्वी, तुम्ही माझ्या बापाला इस्त्री केलीत!" तिने कपाळावर हात मारला आणि आपल्या संगणकातली मूळ फिल्म लावली.

पुन्हा ते चौकोन. गितो सवयीने वायर हलवायला उठला. मी त्याला लुंगीला धरून खाली बसवलं. वागिमानचा चेहरा जुळायचा, विस्कटायचा, अर्धा डोळा कुठेतरी निघून जायचा. बू कासिनेम जागची हलली नाही.

"शेवटच्या वर्षी असेच झाले होते ते," ती म्हणाली. "क्षणभर ओळखायचे, की गेलेच."

"तेच तर केलंय, आई."

"रोज सकाळी नव्याने ओळख करून द्यावी लागायची मला."

पडद्यावर चेहरा पुन्हा जुळत होता. ती उठली, अगदी पडद्याजवळ गेली आणि हळूच म्हणाली, "अहो, मी कासिनेम."